वादळांच्या डॉक्युमेंटऱ्यांतले तज्ज्ञ आणि आपला वळीव

द्राक्षवाला (तासगाव)

मंडळी, राम राम.

बेदाण्याचा हंगाम उरकला की आमच्याकडं रात्रीचा जरा निवांतपणा असतो. यंदा वादळांवरच्या डॉक्युमेंटऱ्या बघायचा नाद लागलाय. ओक्लाहोमा, कॅन्सस, टेक्सास, सगळं घरबसल्या फिरून झालं. प्रत्येकीत एक तरी हवामानतज्ज्ञ असतोच. मागं काळंकुट्ट आभाळ आणि हा गडी रस्त्याकडंला उभा राहून निवांत सांगतोय: आखाताकडनं दमट गरम हवा खालनं आली, वर डोंगराकडची कोरडी हवा, त्यात उंचीगणिक वाऱ्याची दिशा आणि जोर बदलत गेला की वर चढणारी हवा गरागरा फिरायला लागते, आणि असा फिरता ढग म्हणजे सुपरसेल. माझ्यासारख्या दहावीवाल्यालाही कळतं. आपल्याकडं मात्र 'तुरळक ठिकाणी मेघगर्जनेसह' याच्या पुढं गाडी जात नाही.

विचारायचं कारण वेगळंच आहे. एप्रिलमध्ये आमच्या शिवारात दुपारी चारच्या सुमारास वारं सुटलं. पाच-सात मिनिटांचा खेळ. शेजारच्या आप्पांच्या बेदाणा शेडचं वरचं कापड फाटून उसाच्या फडात जाऊन पडलं, रॅकच्या जाळ्या तारांसकट खाली, अँगल वाकले. निम्मा वाळलेला, हिरवा, एकसारखा माल मातीत. त्याच रात्री ग्रुपवर व्हिडिओ आला, 'तासगावात टॉर्नेडो'. व्हिडिओ कुठला देव जाणे, त्यात मक्याचं रान होतं आणि लाल रंगाचं लाकडी कोठार.

तर तो खरंच टॉर्नेडो होता का? आणि त्या तज्ज्ञांचं सांगणं आपल्या आभाळाला कितपत लागू पडतं?

भडंग (सांगली)

टॉर्नेडो असता तर आप्पांचा बेदाणा थेट विजापूरच्या सौद्यात निघाला असता. हमाली वाचली असती.

कंदीपेढा (सातारा)

मला या डॉक्युमेंटऱ्यांचा वैताग येतो. तेच ते ढोल, तेच स्लो मोशन, जाहिरातीआधी एक प्रश्न आणि जाहिरातीनंतर पुन्हा तोच प्रश्न. तज्ज्ञ बिचारा मधे चार वाक्यं बोलून जातो. आपल्याला वाटतं ज्ञान मिळतंय, विकला जातोय थरार. एका भागात सांगतात 'हे शतकातलं सर्वांत भयानक वादळ', पुढच्या भागात दुसरंच वादळ शतकातलं सर्वांत भयानक!

कात्री_कामगार (मूळ वाळवा, मुक्काम पुणे)

कंदीपेढा, तुमचं निम्मं पटलं. मी काही वर्षं एडिटिंगचं काम केलंय. एका हवामानाच्या कार्यक्रमासाठी एक शास्त्रज्ञ अर्धा दिवस बोलले. फार सुरेख बोलले. 'अशा परिस्थितीत असं होण्याची शक्यता वाढते, पण...' अशी त्यांची सगळी वाक्यं. वरून निरोप आला, 'पण'च्या आधी कापा. कापलं. पडद्यावर साहेब ठामपणे भविष्य सांगताना दिसले. त्यामुळे त्या पडद्यावरच्या ठामपणावर फार जाऊ नका, तो बऱ्याचदा आमच्या टेबलावर तयार होतो.

उरलेलं निम्मं पटलं नाही. थराराशिवाय तासगावचा माणूस रात्री अकराला सुपरसेल समजून घेत बसला असता का?

ढगोबा (कराड)

द्राक्षवालादादा, आधी एक सांगा. शेडचे अँगल कुठल्या बाजूला वाकले? आसपासची झाडं कुठल्या दिशेला पडली? सगळी एका अंगाला, का एकमेकांवर आडवीतिडवी? तुमच्या प्रश्नाचं उत्तर तिथं पडलेलं आहे, व्हिडिओत नाही.

हे माझ्या पदरचं नाही. तुम्ही बघता त्या डॉक्युमेंटऱ्यांत टॉर्नेडोला एफ-३, एफ-५ असे दर्जे देतात (२००७ पासून अमेरिकेत सुधारित ईएफ आले). त्यातला एफ म्हणजे तेत्सुया फुजिता. मूळचा जपानी, पुढे शिकागो विद्यापीठात गेला. १९४५ मध्ये अणुबॉम्ब पडल्यानंतर काही आठवड्यांनी तो नागासाकी आणि हिरोशिमाच्या पाहणीला गेला होता. स्फोटाच्या केंद्रापासून सगळीकडे बाहेरच्या बाजूला पडलेली झाडं त्यानं तिथं बघून ठेवली.

१९७४ च्या एप्रिलमध्ये अमेरिकेत दोन दिवसांत १४८ टॉर्नेडो झाले. फुजिता छोट्या विमानातून नुकसानीवरून हिंडला. पुष्कळ ठिकाणी झाडं पिळवटून वळणं घेत पडलेली होती, म्हणजे टॉर्नेडोचं काम. पण काही ठिकाणी जंगल एका ठिकाणापासून बाहेरच्या बाजूला आडवं झालेलं. नागासाकीत बघितलेलं त्याला आठवलं. पुढच्याच वर्षी, जून १९७५ मध्ये, न्यूयॉर्कला उतरताना एक प्रवासी विमान पडलं, शंभरावर माणसं गेली. फुजिता म्हणाला, वादळी ढगातून थंड हवेचा लोट जमिनीवर आदळला आणि त्यानं विमान खाली दाबलं. बऱ्याच शास्त्रज्ञांनी ते उडवून लावलं. १९७८ मध्ये शिकागोजवळ डॉप्लर रडार लावून त्यानं असे लोट प्रत्यक्ष पकडून दाखवले. त्याला डाउनबर्स्ट म्हणतात. आवाका चार किलोमीटरच्या आत असला तर मायक्रोबर्स्ट. अंगणात बादली उपडी केल्यावर पाणी चहूकडे पळतं, तशी ती हवा जमिनीवर आपटून पसरते.

माझा अंदाज आप्पांच्या शेडच्या बाबतीतही तोच आहे. पण दिशा कळल्याशिवाय बोलत नाही.

भडंग

म्हणजे आता उसात शिरून तपास. सीआयडी तासगाव!

रानवारा (वाई)

फुजिताबद्दल अजून एक. नागासाकीवर पडलेला बॉम्ब आधी कोकुरा शहरावर टाकायचा ठरला होता. ढग आणि धुरामुळं खालचं दिसेना म्हणून विमान पुढं गेलं. फुजिता तेव्हा त्या कोकुराजवळच राहायला होता!

माणदेशी (आटपाडी)

ढगोबा सर, आमच्यात तर हे दर उन्हाळ्यात हुतंय. आधी आभाळ येतंय, लांबनं पावसाचा पडदा दिसतोय, पर त्यो खाली पोचतच न्हाई. आणि एकदम गार वारं. असलं गार की उन्हाचं तापल्यालं अंग शहारतंय. धुरळ्यानं डोळं उघडत न्हाईत. पत्रं उडत्यात, कोंबड्या उडत्यात. मग चार टप्पोरं थेंब आणि आभाळ मोकळं. पाऊस कुटं गेला म्हणावं?

ढगोबा

माणदेशीदादा, तुम्ही जे दोन ओळींत सांगितलंत ते पुस्तकात दोन पानं घेतं. पाऊस तुमच्याकडे पोचतो तो वाऱ्याच्या रूपात.

माण, आटपाडी, जत या पट्ट्यात उन्हाळ्यात ढगाचा तळ बराच उंच असतो आणि त्याखालची हवा कोरडी. पडणारे थेंब वाटेतच वाळतात. पाणी वाळताना आजूबाजूची उष्णता घेतं, हवा गार होते, गार हवा जड असते, ती खाली कोसळते. जितके थेंब जास्त वाळले तितका लोट थंड आणि जड. म्हणून जिथं पाऊस कमी लागतो तिथंही वाऱ्याचं नुकसान जबर असतं. तुम्हाला लागलेला तो गारवा म्हणजे वाटेत वाळलेला पाऊस.

डॉक्युमेंटरीतल्या तज्ज्ञाची गरम-दमट आणि थंड-कोरड्या हवेची गोष्ट इथंही चालते. ढग उभा राहायला, गारा तयार व्हायला तेच लागतं. फरक पडतो तो उंचीगणिक बदलणाऱ्या वाऱ्यात. आपल्या वळवाचे बहुतेक ढग तासाभरात उभे राहून स्वतःच्याच पावसानं बसतात. फिरता, तासन्‌तास टिकणारा सुपरसेल इथं क्वचित.

मिरजेची_सतार (मिरज)

म्हणजे भारतात टॉर्नेडो होतच नाहीत का?

ढगोबा

होतात. बंगाल, ओडिशाकडे कालबैसाखीच्या, म्हणजे तिकडच्या उन्हाळी वादळांच्या दिवसांत होतात. आणि आजवरचा सर्वांत प्राणघातक मानला जाणारा टॉर्नेडो अमेरिकेतला नाहीच, बांगलादेशातला आहे. २६ एप्रिल १९८९, दौलतपूर-सातुरिया भाग, सुमारे १३०० माणसं गेली. त्याच्यावर अमेरिकेतल्याइतक्या डॉक्युमेंटऱ्या का नाहीत, हा खरा प्रश्न. कॅमेरे जिथं आहेत तिथलीच वादळं जगाला मोठी वाटतात.

कृष्णाकाठ (सांगली)

या शेवटच्या वाक्यासाठी तुम्हाला हरिपूरच्या हळदीचं पोतं!

आमची आपत्ती तर कॅमेऱ्याला अजिबातच पटत नाही. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आयर्विन पुलाजवळ कृष्णेचं पाणी ५७ फुटांच्या वर गेलं. धोक्याची पातळी ४५. पाऊस कोसळला कोयना-महाबळेश्वरला आणि पाणी चढलं आमच्या जिन्यात. एकेक पायरी. वारा नाही, गरगर फिरणारा ढग नाही. अशा वेळी तो रस्त्याकडेचा तज्ज्ञ काय दाखवणार? पायरी? आम्ही खडूनं पायरीवर रेघ मारायचो आणि तासानं बघायचो, रेघ दिसते का.

त्या दिवसांपासून सांगलीत पानवालासुद्धा विसर्ग क्युसेकमध्ये सांगतो आणि धरणाचा साठा टीएमसीत. आमचे तज्ज्ञ आम्हीच. बाकी खालच्या अंगाला कर्नाटकातल्या आलमट्टी धरणाचे दरवाजे वेळेत उघडले असते तर...

भडंग

आला, आला, आलमट्टी आला! उंची ५१९ मीटर का ५२४, बोला!

व्यवस्थापक

आलमट्टीसाठी स्वतंत्र धागा आहे, ९०० प्रतिसाद झालेत, तिथं जागा आहे. इथं आलमट्टीवरचे प्रतिसाद उडवले जातील.

कोयनेकाठी (पाटण)

कृष्णाकाठ यांच्याशी सहमत. २०२१ च्या जुलैत २२ तारखेची रात्र आमच्या तालुक्याला विसरता येत नाही. महाबळेश्वरला २४ तासांत ५९४ मिलिमीटर पाऊस झाला. आंबेघर, मिरगाव, ढोकावळे इथं डोंगर खाली आला. मदतीला जाणाऱ्या गाड्या आणि घरं यांच्यामध्ये वाहून गेलेले रस्ते होते. त्यावर नंतर जे कार्यक्रम झाले त्यांत सगळीकडे 'ढगफुटी'. आमच्याकडचे म्हातारे म्हणत होते, फुटलं वगैरे काही नाही, तो नुसता थांबलाच नाही.

ढगोबा

म्हातारे बरोबर. तासाभरात शंभर मिलिमीटर किंवा जास्त, तेही वीस-तीस चौरस किलोमीटरच्या टापूत, असं झालं की हवामान खातं ढगफुटी म्हणतं. घाटात त्या रात्री घडलं ते वेगळं. अरबी समुद्रावरून ओल्या हवेचा जोरदार प्रवाह सह्याद्रीवर आदळत राहिला, चढत राहिला, निथळत राहिला. तासंतास. २०४.५ मिलिमीटरच्या वर गेलं की खात्याच्या भाषेत 'अत्यंत मुसळधार', तो आकडा त्या दिवशी केव्हाच मागं पडला. हवामानाच्या डॉक्युमेंटरीतला सगळा भर वाऱ्याच्या वेगावर असतो. आपल्याकडे माणसं मारतं ते पाणी आणि वीज.

भूगोलवाल्या_बाई (कराड)

विजेवरून सांगते. नववीला ढग शिकवताना मी अशीच एक डॉक्युमेंटरी लावते, पण आवाज बंद करून. तज्ज्ञ ढगाकडे हात करतो तिथं थांबवते आणि विचारते, हा काय सांगत असेल? मुलं इतकं नेमकं सांगतात! वरचा भाग ऐरणीसारखा पसरलाय, म्हणजे ढग वाढायचा थांबून आडवा होतोय, हे एका मुलीनं नुसतं बघून ओळखलं. तिचे वडील मेंढरं घेऊन फिरतात. मग आवाज चालू करायचा.

विजेचं गणित तर सगळ्यांना पाठ आहे: लखलखाटानंतर गडगडाट ऐकू येईपर्यंतचे सेकंद मोजायचे, तीननं भागायचे, तितके किलोमीटर लांब. आता पालकांच्या फोनवर पुण्याच्या आयआयटीएम या हवामान संशोधन संस्थेचं, विजेचा इशारा देणारं 'दामिनी' ॲप पण घालून देते.

माणदेशी

बाई, ॲप चांगलं हाय, पर माळावर रेंज नसतीया. आमचा नियम जुनाच: एकल्या झाडाखाली थांबायचं न्हाई, मेंढरं पांगू द्यायची, आपण खोलगटीत गुडघ्यात मान घालून बसायचं, आडवं व्हायचं न्हाई.

रानवारा

पण तज्ज्ञ आपल्याकडे नाहीत हे द्राक्षवाल्यांचं म्हणणं मला मान्य नाही. आमच्या वाई तालुक्यात मांढरदेवला आयआयटीएमनं एक्स-बँड रडार बसवलं. महाबळेश्वरला २०१२ पासून त्यांची ढगांची प्रयोगशाळा आहे. पावसाळ्यात तिथं ढग बघायला वर बघावं लागत नाही, ढगच दारातून आत येतो आणि हे लोक त्यातल्या थेंबांची मापं घेतात. सोलापूरकडे विमानं उडवून ढगांत मीठ फवारायचे प्रयोग झाले तेही यांचेच. जगात फार थोड्या ठिकाणी अशी सोय आहे आणि आपले पर्यटक तिच्यासमोरून स्ट्रॉबेरी क्रीम खात जातात.

कंदीपेढा

मग सांगत का नाहीत कुणाला?

कात्री_कामगार

कारण विचारायला जाणारा 'साहेब, एका वाक्यात सांगा' म्हणतो. आणि सरकारी माणसाला कॅमेऱ्यासमोर बोलायचं तर परवानगी लागते. अमेरिकेत त्या लोकांना वर्षानुवर्षं कॅमेऱ्याची सवय झालेली. ग्रेग फोर्ब्स बघा, फुजिताच्याच हाताखाली डॉक्टरेट केली आणि मग वेदर चॅनलवर वादळतज्ज्ञ म्हणून लोकांना वर्षानुवर्षं समजावत राहिला. असा माणूस आपल्याकडे चॅनलवाले पगार देऊन ठेवतील? ज्योतिषी ठेवतात.

ढगोबा

तरी अगदीच अंधार नाही. चक्रीवादळांचा अंदाज सांगणाऱ्या, हवामान खात्याच्या मृत्युंजय महापात्रांचं नाव ओडिशात घराघरांत माहीत आहे. १९९९ च्या महाचक्रीवादळात तिथं दहा हजारांच्या आसपास माणसं गेली. २०१३ मध्ये फायलिन चक्रीवादळ आलं तेव्हा अंदाज नेमका होता, लाखो लोक आधीच हलवले आणि बळींचा आकडा शंभराच्या आत राहिला. लोकांनी घर सोडलं, कारण सांगणाऱ्यावर विश्वास होता.

भडंग

विश्वासाचं बोलू नका. आमच्याकडं ऑरेंज अलर्ट म्हणजे गॅलरीत कपडे वाळत घालायचा दिवस.

भूगोलवाल्या_बाई

भडंगभाऊ, त्याला कारण आहे. पूर्वी सगळ्या जिल्ह्याला एकच रंग असायचा. सातारा जिल्ह्यात महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस आणि दहिवडीला पाचशेच्या आसपास. दोघांना एकच रंग लावला तर एक जण हसणार आणि एक जण भिजणार. आता घाटमाथ्याचा इशारा वेगळा येतो. तो वेगळा वाचायची सवय आपल्याला लागायला हवी.

रानवारा

अवांतर: वादळाचा पाठलाग करणारे ते लोक भारीच आवडतात मला. टिम समारास म्हणून होता. २००३ मध्ये साउथ डकोटात टॉर्नेडोच्या वाटेत त्यानं जमिनीसरशी बसणारं यंत्र ठेवलं, टॉर्नेडो त्यावरून गेला आणि हवेचा दाब एकदम १०० मिलिबारनं पडल्याची नोंद झाली. मी पण ॲक्टिव्हावर कॅमेरा लावून पसरणीच्या घाटात...

ढगोबा

रानवारा, त्याची पुढची गोष्टही सांगा. ३१ मे २०१३, एल रेनो, ओक्लाहोमा. टॉर्नेडो चार किलोमीटरहून जास्त रुंद झाला आणि अचानक वळला. समारास, त्याचा मुलगा पॉल आणि सहकारी कार्ल यंग, तिघंही गेले. त्या क्षेत्रातला सर्वांत सावध माणूस म्हणून त्याची ख्याती होती. ॲक्टिव्हा घरात ठेवा.

द्राक्षवाला

वाचतोय सगळं. दोन दिवस माल मार्केटला पाठवायच्या गडबडीत होतो.

ढगोबा सर, काल आप्पांना घेऊन रान फिरलो. मोबाईलमध्ये होकायंत्र असतंय ते लावलं. शेडचे अँगल सगळे ईशान्येला वाकलेत. शेडच्या पलीकडं शेवग्याची पट्टी आहे, तिथली झाडं सरळ पूर्वेला पडलीत. फडात गेलो तर ऊस उत्तरेकडं लोळलाय. आणि ओढ्याच्या अलीकडं, जिथं पोरांनी गारा वेचल्या म्हणतात, तिथं बांधावरची एक बाभळ उभीच्या उभी, नुसत्या फांद्या मोडून खाली. झाड पिळवटलेलं कुठं दिसलं नाही. आप्पांच्या थोरल्यानं कागदावर बाण काढले, तर सगळे बाण त्या बाभळीकडनं सुटल्यासारखे दिसतात.

ढगोबा

बाभळीपाशी केंद्र. झाडं उभी का राहिली, तर तिथं जोर वरून खाली होता, आडवा नव्हता. हिरोशिमातही केंद्राजवळची झाडं उभी होती, फुजितानं तेच टिपलं होतं. दादा, हा मायक्रोबर्स्ट. थोरल्याला शाबासकी द्या, तो कागद जपून ठेवा.

द्राक्षवाला

कागदाचा एक उपयोग आत्ताच सुचलाय. आप्पांनी शेडचा विमा उतरवलेला. कंपनीचं म्हणणं, मंडळातल्या हवामान केंद्रावर त्या दिवशी वाऱ्याचा जोर नोंदलेलाच नाही, म्हणजे वादळ झालंच नाही. केंद्र आमच्यापासून चांगलं नऊ-दहा किलोमीटर लांब. मगाशी तुम्ही म्हणालात, याचा आवाका चार किलोमीटरच्या आत.

ढगोबा

अगदी हेच लिहून द्या. केंद्रावर वारा नोंदला गेला नाही म्हणून चार किलोमीटरच्या टापूतलं वारं खोटं ठरत नाही. थोरल्याचा नकाशा नीट काढून त्यावर उत्तर दिशा दाखवा, प्रत्येक बाणाला एक फोटो जोडा, ऊस अजून तोडला नसेल तर त्याचा वरून फोटो मिळाला तर उत्तम. तलाठ्यांच्या पंचनाम्याची नक्कल सोबत. त्या दिवशी त्या वेळचं रडारचं चित्र मिळतंय का बघतो.

कात्री_कामगार

ड्रोनवाला माझ्या ओळखीचा आहे, इस्लामपुरात. लग्नसराई संपली, मोकळाच बसलाय. नंबर व्यनितून देतो.

नवा_सभासद_जत

नमस्कार, पहिलाच प्रतिसाद. आमचं पण शेड बांधायचं चाललंय. मग वाऱ्याची दिशा बघून शेडचं तोंड कुठल्या बाजूला ठेवावं?

ढगोबा

असला लोट कुठं आदळेल त्यावर दिशा ठरते, तुमच्या शेडला तो कुठूनही लागू शकतो. तोंड बेदाणा वाळायच्या हिशोबानंच ठेवा, ताण मात्र चारी कोपऱ्यांना द्या.

माणदेशी

आणि वरचं कापड दोरीनं बांधा, तारेनं नको. दोरी तुटली तर कापडच जातंय, तार अँगल घिऊन जातीया.